क्यापोच्या रस्त्यावरचा सिगा: एक जुना फिलिपिनो मारधाडपट आणि गरिबांचे मत

मे २०२२ मध्ये फिलिपिन्समध्ये सिनेटच्या १२ जागांसाठी निवडणूक झाली आणि उभ्या असलेल्या सर्व उमेदवारांत सर्वाधिक मते रॉबिन पादिल्या या चित्रपट-नटाला पडली. मतांचा आकडा २ कोटी ६० लाखांच्या वर गेला. पादिल्या यांनी १९९० च्या दशकात पडद्यावर गल्लीतल्या बेफाम तरुणाच्या भूमिका केल्या होत्या आणि बेकायदा शस्त्रे बाळगल्याच्या गुन्ह्यात प्रत्यक्ष तुरुंगवासही भोगला होता. अशा माणसाला एवढा मोठा कौल का मिळावा, हे बाहेरच्या वाचकाला कोडे वाटते. ‘तिथले लोक सिनेमावेडे आहेत’ हे त्यावर नेहमी दिले जाणारे उत्तर. ते अपुरे आहेच, शिवाय मला ते अन्यायकारकही वाटते, कारण त्यात मत देणाऱ्याला अडाणी ठरवून प्रश्न मिटवला जातो.

हे कोडे उलगडायचे असेल तर बरेच मागे, १९६४ सालच्या ‘हेरोन बुसाबोस: आंग बातांग क्यापो’ या कृष्णधवल चित्रपटापर्यंत जावे लागते. दिग्दर्शक सेसार गायार्दो आणि नायक जोसेफ एस्ट्राडा. ‘बुसाबोस’ म्हणजे गुलाम, दीनवाणा, ज्याला कोणीही लाथाडावे असा माणूस, आणि ‘बातांग क्यापो’ म्हणजे क्यापोचा, मनिला शहरातल्या त्या नावाच्या भागाचा, पोरगा. फिलिपिन्समधील प्रतिष्ठेच्या फामास पुरस्कारांत त्या वर्षीचा सर्वोत्कृष्ट चित्रपट आणि सर्वोत्कृष्ट अभिनेता हे दोन्ही मान याच चित्रपटाकडे गेले. पुढे ३४ वर्षांनी, १९९८ मध्ये, त्यातला नायक देशाचा राष्ट्राध्यक्ष झाला. ‘बातांग क्यापो’ हे शब्द तर अजूनही जुने झालेले नाहीत. १९८६ मध्ये त्या नावाने फर्नांडो पो ज्युनियर या दुसऱ्या महानायकाचा चित्रपट आला आणि फेब्रुवारी २०२३ पासून त्याच नावाची दूरचित्रवाणी मालिका घरोघर पाहिली जाऊ लागली.

नायकही नाही, खलनायकही नाही

समीक्षेत ज्याला ‘अँटिहिरो’ म्हणतात, तो नायकाच्या जागी उभा असतो, परंतु नायकाचे गुण त्याच्यात नसतात. तो कायदा मोडतो, मारामारी करतो, प्रसंगी चोरी करतो, आणि तरीही आपले मन त्याच्या बाजूने असते. यासाठी ‘प्रतिनायक’ हा शब्द वापरण्याचा मोह होतो, पण आपल्या नाट्यशास्त्रात प्रतिनायक म्हणजे नायकाचा विरोधक, म्हणून तो येथे बसत नाही. फिलिपिनो प्रेक्षकाजवळ मात्र नेमका शब्द आहे: ‘सिगा’. सिगा म्हणजे ज्याचा नाक्यावर दरारा आहे असा माणूस. मराठीत ‘दादा’ या एकाच शब्दात थोरला भाऊ आणि गल्लीतला गुंड हे दोन्ही अर्थ सुखाने नांदतात, आणि कोणता अर्थ घ्यायचा हे प्रसंगावरून ठरते. सिगाच्या चित्रपटाची सारी कथा या दोन अर्थांमधला प्रवास असते. पहिल्या दृश्यात ज्याला पाहून दुकानदार फळ्या लावतो, त्यालाच शेवटी तो दुकानदार आपला माणूस म्हणतो.

तागालोग या तिथल्या प्रमुख भाषेत नायकाला ‘बिदा’ म्हणतात. स्पॅनिशमधील ‘जीवन’ या अर्थाच्या शब्दापासून तो आला. खलनायक ‘कोन्त्राबिदा’, म्हणजे जिवाच्या विरुद्ध उभा राहिलेला. सुमारे ३३३ वर्षांच्या स्पॅनिश राजवटीने दिलेल्या या दोन शब्दांत चित्रपटाकडे पाहण्याची एक दृष्टी दडलेली आहे. नायक सद्गुणी असलाच पाहिजे असे त्यात कुठेही म्हटलेले नाही. तो जिवाच्या बाजूने उभा असला की पुरे.

मोडलेल्या शहरातून आलेला माणूस

हा सिगा कोणा लेखकाच्या कल्पनेतून एकाएकी अवतरला नाही. फेब्रुवारी-मार्च १९४५ मध्ये जपानी आणि अमेरिकन सैन्यांत मनिलासाठी महिनाभर लढाई झाली. सुमारे १ लाख नागरिक मेले आणि शहराचा मोठा भाग जमीनदोस्त झाला. ४ जुलै १९४६ रोजी देश स्वतंत्र झाला, तेव्हा राजधानीत घरे नव्हती, कामे नव्हती, पण युद्धातून मागे राहिलेल्या बंदुका मुबलक होत्या. अमेरिकन सैन्याने टाकून दिलेल्या जीपगाड्यांतून तिथल्या प्रसिद्ध रंगीत ‘जीपनी’ या प्रवासी गाड्या जन्मल्या, आणि त्याच सैन्याच्या उरलेल्या मालावर, काळ्या बाजारावर आणि बंदरातल्या चोरट्या व्यापारावर टोळ्या पोसल्या गेल्या.

बंदराला लागून असलेला तोंडो हा भाग या सगळ्याच्या केंद्रस्थानी होता. हमाल, गोदीकामगार आणि भंगार वेचणारे यांची ही दाट वस्ती. फिलिपिन्सच्या क्रांतीचा नेता आंद्रेस बोनिफासियो १८६३ मध्ये येथेच जन्मला, त्यामुळे ‘तोंडोचा पोरगा’ या शब्दांना गरिबीइतकाच बंडाचाही वास आहे. याच तोंडोत आसिओंग सालोंगा नावाचा टोळीप्रमुख होऊन गेला. त्याचा सख्खा भाऊ पोलीस खात्यात होता. १९५१ मध्ये, वयाच्या २७ व्या वर्षी, दारूच्या बैठकीत गोळी लागून तो मेला. त्याच्या मागे दोन आठवणी राहिल्या: पोलिसांच्या दफ्तरातला गुंड आणि गल्लीच्या बोलण्यातला गरिबांचा कैवारी. १९६१ मध्ये एस्ट्राडा यांनी ही भूमिका पडद्यावर केली आणि रस्त्यावरच्या नायकाचा साचा पक्का झाला. पुढे सालोंगावर वेळोवेळी चित्रपट निघाले. २०११ च्या चित्रपटात ही भूमिका एस्ट्राडा यांच्या पुतण्याने केली, आणि त्या वेळी तो लागुना प्रांताचा गव्हर्नर होता. पदावरचा गव्हर्नर पडद्यावर टोळीप्रमुख होतो आणि त्याचे कोणालाही फारसे नवल वाटत नाही, यावरून या साच्याची मुळे किती खोल गेली आहेत हे ध्यानात यावे.

क्यापोच का?

तोंडो बंदराचा भाग, तर क्यापो शहराच्या हृदयाचा. क्यापोच्या चर्चमध्ये ‘काळ्या नाझारेनो’ची मूर्ती आहे, म्हणजे क्रूस खांद्यावर घेऊन गुडघ्यावर टेकलेला, काळ्या लाकडातला ख्रिस्त. दरवर्षी ९ जानेवारीला ही मूर्ती रस्त्यांवरून फिरवतात तेव्हा लाखो लोक अनवाणी लोटतात, आणि ज्यांचा हात पोहोचत नाही ते आपला हातरुमाल मूर्तीजवळच्या सेवकांकडे भिरकावतात. सेवक तो मूर्तीला पुसून परत फेकतो आणि माणूस तो रुमाल चेहऱ्यावर धरून गर्दीतून बाहेर पडतो. आजारी आईच्या कपाळावर तो ठेवायचा असतो.

चर्चच्या भिंतीलगतच बाजार आहे. रंगीबेरंगी मेणबत्त्या, झाडपाल्याची औषधे, हात पाहणाऱ्या बायका, आणि ‘अंतिंग-अंतिंग’ नावाचे पितळी ताईत, जे गळ्यात असले की गोळी लागत नाही अशी श्रद्धा आहे. लहान मुले सांपागिताचे गजरे विकत हिंडतात. सांपागिता हे फिलिपिन्सचे राष्ट्रीय फूल म्हणजे आपला मोगराच.

चर्चसमोरच्या चौकाचे नाव प्लाझा मिरांडा. एकेकाळी देशातल्या सर्वांत महत्त्वाच्या राजकीय सभा येथे होत. ज्यांच्या नावाचा पुरस्कार बाबा आमटे आणि प्रकाश आमटे यांच्यामुळे महाराष्ट्रात घरोघर ठाऊक आहे, ते राष्ट्राध्यक्ष रामोन मॅगसेसे आपल्या सहकाऱ्यांना विचारत, की हा निर्णय प्लाझा मिरांडात उभे राहून लोकांना पटवून देता येईल काय? म्हणजे देव, बाजार आणि राज्यकारभार हे तिन्ही जिथे एकमेकांना खेटून उभे आहेत, अशी ही जागा. त्या चौकातल्या सर्वांत खालच्या पायरीवर ‘बुसाबोस’ नावाचा माणूस उभा करायचा आणि कथा त्याच्या डोळ्यांनी सांगायची, हाच त्या चित्रपटाचा मोठा निर्णय होता, आणि तो केवळ मारामारीसाठी घेतलेला नव्हता.

आधी मार खायचा, मग द्यायचा

या प्रकारचे चित्रपट पहिल्यांदा पाहणाऱ्याला एक गोष्ट खटकते. नायक इतका बलवान असूनही अर्धा चित्रपट मार का खातो? त्याला अपमानित करतात, लुबाडतात, खोट्या आळात अडकवतात, आणि तो मान खाली घालून निघून जातो. आधुनिक प्रेक्षकाला हा वेळकाढूपणा वाटतो.

याचे उत्तर चर्चमध्ये आणि गावच्या चौकात सापडते. फिलिपिन्समध्ये पवित्र आठवड्यात ‘पास्योन’ नावाचे दीर्घ काव्य तासन्‌तास गाऊन म्हटले जाते, आणि ख्रिस्ताच्या छळाचे नाट्य रस्त्यावर सादर होते. आपल्याकडे हरिपाठ वा आख्यान कानावर पडत पडत पाठ होते, तसे हे कथानक तिथल्या पिढ्यांच्या अंगवळणी पडले आहे. आधी छळ, मग मौन, मग उठून उभे राहणे. सहन करण्याची मर्यादा गाठल्यावाचून उगारलेला हात या प्रेक्षकाला न्याय्य वाटतच नाही.

याला दुसरीही धार आहे, ती शेतीतून आलेली. पायलीने धान्य मोजताना वर जी रास उभी राहते तिला आपण शीग म्हणतो. फिलिपिन्समध्ये तांदूळ मोजण्याच्या लाकडी मापाला ‘सालोप’ म्हणतात, आणि माप भरून वर आलेला तांदूळ सपाट काठी फिरवून खाली पाडतात. १९८७ मधल्या फर्नांडो पो यांच्या एका गाजलेल्या चित्रपटाचे नाव ‘सालोप भरला की’ अशा अर्थाचे आहे. पुढचे वाक्य प्रेक्षक स्वतःच पूर्ण करतो: भरला की काठी फिरते. आपण ‘पापाचा घडा भरला’ म्हणतो तेव्हा घडा कोण फोडणार हे सहसा देवावर सोपवतो. सालोपच्या म्हणीत काठी माणसाच्या हातात असते, हा फरक मला महत्त्वाचा वाटतो.

बंडखोर दरोडेखोराची परंपराही जुनी आहे. होसे रिझाल यांच्या १८९१ च्या कादंबरीत धर्मगुरूंच्या संस्थेने जमीन बळकावल्यामुळे काबेसांग तालेस हा साधा शेतकरी बंदूक उचलतो. म्हणजे सिगा पडद्यावर येण्याच्या कितीतरी आधी, कायद्याने नाडलेला आणि म्हणून कायद्याबाहेर गेलेला माणूस फिलिपिनो मनात घर करून होता.

स्टुडिओ मोडले आणि नट मालक झाले

आता थोडे अर्थकारण, कारण त्यावाचून पुढचे कळत नाही. १९५० च्या दशकात मनिलाच्या चित्रपटसृष्टीवर एलव्हीएन, सांपागिता आणि प्रीमियर या बड्या स्टुडिओंचे राज्य होते. नट म्हणजे पगारी नोकर, आणि त्याने कोणती भूमिका करायची ते मालक ठरवी. १९६१ मध्ये एलव्हीएनने चित्रपटनिर्मिती थांबवली आणि इतर स्टुडिओही ढासळू लागले. त्याच वर्षी फर्नांडो पो यांनी स्वतःची निर्मितीसंस्था काढली, आणि एस्ट्राडाही निर्माते झाले.

गिरणीतला कारागीर स्वतःचा माग टाकतो तेव्हा काय होते? कापडावरची नक्षी तो स्वतः ठरवतो. इथेही तेच झाले. नट मालक झाल्यावर आपण कसे दिसायचे, कोणासाठी लढायचे, कोणासमोर झुकायचे आणि कोणासमोर नाही, हे सारे तो स्वतः ठरवू लागला. चित्रपटामागून चित्रपट एकच प्रतिमा रचली जाऊ लागली. प्रेक्षकाच्या मनात हेरोन, सालोंगा आणि एस्ट्राडा ही तीन माणसे वेगळी उरली नाहीत. कोणत्याही पक्षाला पैसे मोजूनही मिळाली नसती अशी ही वीस वर्षांची प्रचारमोहीम होती, आणि तिकीट काढून ती पाहायला लोक स्वतः येत होते.

हा प्रेक्षक कोण होता? उच्चभ्रू मंडळी त्याला ‘बाक्या’ म्हणत. बाक्या म्हणजे गरीब बायाबापड्यांच्या पायातल्या लाकडी सपाता. सपाता खटखटवत चित्रपटगृहात येणारी गर्दी ती बाक्या गर्दी. हा शब्द दिग्दर्शक लाम्बेर्तो आवेलाना यांच्या नावावर सांगितला जातो. चांगले चित्रपट चालत नाहीत याचा दोष त्या शब्दाने पायातल्या सपातांवर टाकला. पुढे राजकारणात जे घडले त्याचे बीज या एका शब्दातल्या तुच्छतेत आहे, असे मला वाटते.

पडद्यावरून राजवाड्यात

एस्ट्राडा यांचे खरे नाव होसे मार्सेलो एहेर्सितो. जन्म तोंडोचा, १९३७ चा, पण वडील सरकारी अभियंता. घर मध्यमवर्गीय होते आणि शाळा श्रीमंतांची, जिथून त्यांना काढून टाकण्यात आले. अभियांत्रिकीचे शिक्षणही अर्धवट राहिले. नट होण्याला घरच्यांचा विरोध होता म्हणून त्यांनी आडनाव बदलले. ‘एस्ट्राडा’ म्हणजे स्पॅनिशमध्ये रस्ता. गोव्यातल्या वाचकांना पोर्तुगीजमुळे हा शब्द ओळखीचा असेल. त्यांचे टोपणनाव ‘एराप’ हे ‘पारे’ या शब्दाची अक्षरे उलटी करून झालेले आहे, आणि ‘पारे’ म्हणजे दोस्त. म्हणजे नाव ‘रस्ता’ आणि हाक ‘दोस्ता’. रस्त्यावरच्या नायकाची ही प्रतिमा इतक्या बारकाईने घडवलेली होती.

१९६९ ते १९८६ ते मनिलालगतच्या सान हुआन या नगराचे महापौर होते, १९८७ मध्ये सिनेटर आणि १९९२ मध्ये उपराष्ट्राध्यक्ष झाले. १९९२ च्याच सिनेट निवडणुकीत पहिला क्रमांक एका विनोदी नटाचा होता आणि दुसरा रामोन रेविया यांचा. रेविया म्हणजे गोळी न लागण्याचा ताईत बाळगणाऱ्या ‘नार्दोंग पुतिक’ या काविते प्रांतातल्या खऱ्या गुंडाची भूमिका १९७२ मध्ये गाजवलेला नट. १९९८ मध्ये एस्ट्राडा ‘एराप गरिबांसाठी’ ही घोषणा घेऊन उभे राहिले आणि सुमारे ४० टक्के मते मिळवून राष्ट्राध्यक्ष झाले. दुसऱ्या क्रमांकाच्या उमेदवाराला त्याच्या निम्मीही मते नव्हती.

मग लोकांना पडदा आणि वास्तव यांतला फरक कळत नव्हता काय?

हा आक्षेप सर्वांत आधी येतो. त्याचे उत्तर असे, की फरक त्यांना नीट कळत होता. एस्ट्राडा यांना मत देणाऱ्यासमोर १७ वर्षांचा महापौर होता आणि १६ सप्टेंबर १९९१ रोजी अमेरिकन लष्करी तळांचा करार फेटाळणाऱ्या १२ सिनेटरांपैकी एक होता. केवळ पडद्याचे वलय पुरेसे असते, तर २००४ मध्ये त्यांचे जिवलग मित्र फर्नांडो पो, जे लोकप्रियतेत त्यांच्याहून कमी नव्हते, राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक सुमारे ११ लाख मतांनी हरले नसते. त्या मोजणीवर पुढे गंभीर संशय घेतला गेला हे खरे, तरीही त्यांना मिळालेली मते एकतर्फी नव्हती हेही खरे.

मत देताना गरीब माणूस कोणता हिशेब करतो हे रोजच्या अनुभवातून पाहावे. सरकारी दवाखान्यात घरच्या माणसाला खाट मिळत नाही, रात्र झाली आहे, अशा वेळी आरोग्यविषयक कायदे मुखोद्गत असलेला विद्वान आपल्या कामाचा की वॉर्डातल्या कर्मचाऱ्याला नावाने ओळखणारा, आपल्यासोबत जिना चढून येणारा शेजारी? दुसरा माणूस नियमाबाहेर काम करतो, हे आपल्याला ठाऊक असते. तरीही आपण त्यालाच हाक मारतो, कारण तो आपली विचारपूस करतो. सिगाचे चित्रपट याच विचारपुशीबद्दल आहेत. गुन्हा हा त्यांचा वरचा पदर. ज्याला पोलीस ठाण्यात, न्यायालयात आणि राजवाड्यात कोणी विचारत नाही, त्याला कोणीतरी विचारले, हा खरा गाभा.

या उत्तराची दुसरी बाजू लपवण्यात अर्थ नाही. ऑक्टोबर २००० मध्ये एका प्रांताच्या गव्हर्नरने आरोप केला की राष्ट्राध्यक्षांना ‘हुएतेंग’चा हप्ता पोहोचतो. हुएतेंग म्हणजे घरोघर फिरून आकड्यांवर पैसे गोळा करणारा बेकायदा जुगार, आपल्या मटक्याचा भाऊबंद. गरिबाच्या एका-दोन पेसोंवर चालणारा हा धंदा, आणि त्याचा हप्ता गरिबांच्या एरापकडे. सिनेटमध्ये महाभियोगाचा खटला चालला, १६ जानेवारी २००१ रोजी ११ विरुद्ध १० मतांनी पुराव्याचा एक महत्त्वाचा लखोटा न उघडण्याचे ठरले, लोक रस्त्यावर आले आणि २० जानेवारीला एस्ट्राडा राजवाडा सोडून गेले. २००७ मध्ये सार्वजनिक संपत्तीच्या लुटीबद्दल ते दोषी ठरले आणि काही आठवड्यांतच त्यांना माफी मिळाली.

मात्र १ मे २००१ ची गोष्ट येथे सांगितलीच पाहिजे. एस्ट्राडा यांच्या अटकेनंतर झोपडपट्ट्यांतले हजारो लोक राजवाड्यावर चालून गेले आणि त्यात माणसे मेली. जानेवारीत एस्ट्राडांविरुद्ध जमलेल्या मध्यमवर्गाला ‘जनशक्ती’ म्हटले गेले होते. मे महिन्यातल्या या गर्दीला मात्र न्हाणे न जाणणारी, दात पडलेली, भाडोत्री गर्दी म्हणून हिणवले गेले. बाक्या हा शब्द कोणी उच्चारला नसेल, पण सूर तोच होता.

हे गुन्हेगारीचे उदात्तीकरण नव्हे काय?

काही अंशी आहे. मारामारीने प्रश्न सुटतो, बायका रडण्यासाठी आणि वाचवल्या जाण्यासाठी असतात, एका चांगल्या माणसाच्या ठोशाने व्यवस्था सुधारते, या समजुती त्या चित्रपटांनी घट्ट केल्या हे नाकारता येत नाही. पण हा आक्षेप सर्वांत मोठ्याने कोणी घेतला हेही पाहावे. सप्टेंबर १९७२ मध्ये तेव्हाचे राष्ट्राध्यक्ष फर्डिनांड मार्कोस यांनी लष्करी कायदा पुकारला आणि त्याच महिन्यात चित्रपटांविषयी जे फर्मान काढले, त्यात गुन्हेगारांचे गौरवीकरण करणाऱ्या चित्रपटांवर बंदी होती. त्याच यादीत सरकारवरील विश्वास ढळवणारे चित्रपटही होते. सत्तेच्या लेखी या दोन गोष्टी शेजारी-शेजारी बसत होत्या, कारण सिगा जेव्हा लाचखोर पोलिसाला कानफटात मारतो तेव्हा प्रेक्षक टाळ्या कशासाठी वाजवतो, हे सत्तेला नेमके कळत होते.

बंदूक कोणाकडे वळली

रस्त्यावरच्या नायकाची भाषा पुढे अशा माणसाने उचलली, जो चित्रपट-नट नव्हता. २०१६ मध्ये रॉड्रिगो दुतेर्ते राष्ट्राध्यक्ष झाले. ते पेशाने वकील आणि दावाव शहराचे अनेक वर्षांचे महापौर. शिवराळ बोलणे, बाह्या सरसावणे, ‘मी स्वतः निपटतो’ ही धमकी, हे सारे प्रेक्षकाच्या ओळखीचे होते. सालोप भरला आहे, काठी माझ्या हातात द्या, असेच ते सांगत होते.

चित्रपटातल्या सिगाचा ठोसा नेहमी वरच्या दिशेने जाई: सावकार, लाचखोर अधिकारी, टोळीमागचा प्रतिष्ठित धनी यांच्याकडे. दुतेर्ते यांच्या अमली पदार्थांविरुद्धच्या मोहिमेत गोळी खाली आली. पोलिसांच्या अधिकृत आकड्यांनुसारच कारवायांत ६,००० हून अधिक माणसे मारली गेली, आणि मानवाधिकार संघटनांचे आकडे याच्या कितीतरी पट आहेत. मेलेले बहुतेक जण झोपडपट्ट्यांतले होते. तोंडोच्या गल्ल्यांतलेही होते. ज्याच्या बाजूने सिगा उभा राहत असे तोच बुसाबोस आता रस्त्यावर पडलेला होता, आणि मारणाऱ्याच्या तोंडी सिगाची भाषा होती. ११ मार्च २०२५ रोजी आंतरराष्ट्रीय फौजदारी न्यायालयाच्या वॉरंटवरून दुतेर्ते यांना मनिलाच्या विमानतळावर अटक झाली आणि त्यांना हेगला नेण्यात आले.

या सगळ्याचा दोष १९६४ च्या चित्रपटावर टाकणे मला मान्य नाही. त्या चित्रपटाने विचारपूस करणाऱ्या माणसाची ओढ दाखवली, आणि ती ओढ खरी होती. तिचा वापर करणाऱ्यांनी चाल, बोलणे आणि ठोसा उचलला, विचारपूस मात्र मागे ठेवली.

तीही अगदी संपलेली नाही. २०१९ मध्ये मनिलाच्या महापौरपदाच्या निवडणुकीत ८२ वर्षांच्या एस्ट्राडा यांना इस्को मोरेनो यांनी हरवले. मोरेनो हेही एकेकाळचे नट, पण लहानपणी तोंडोत खरोखरच रद्दी आणि बाटल्या गोळा करून विकणारा मुलगा. आणि २०२५ चा मॅगसेसे पुरस्कार ज्यांना मिळाला त्यांत फ्लाव्हियानो विलानुएव्हा हे मनिलाचे कॅथलिक धर्मगुरू होते. तरुणपणी ते स्वतः व्यसनात अडकले होते आणि ते हे उघडपणे सांगतात. दुतेर्तेंच्या मोहिमेत मारल्या गेलेल्यांना ज्या भाड्याच्या कबरींत पुरले होते त्यांची मुदत काही वर्षांनी संपते, आणि पैसे न भरल्यास अस्थी बाहेर काढल्या जातात. विलानुएव्हा त्या अस्थी सन्मानाने काढून, दहन करून, कलशात घालून त्यांच्या आयांच्या आणि बायकांच्या हाती देतात. २०१५ पासून ते मनिलात एक केंद्र चालवतात. रस्त्यावर राहणारी माणसे सकाळी तिथे येतात, आणि त्यांना गरम जेवण, धुतलेले कपडे आणि आंघोळीसाठी स्वच्छ पाणी मिळते.